छायाचित्र नसलेल्या आठवणी : रिथी पान यांचा मातीचा माहितीपट



येत्या महिन्यात नववी आणि दहावीच्या वर्गांना शाळेच्या सभागृहात एक माहितीपट दाखवायचे ठरले आहे. नाव 'द मिसिंग पिक्चर', वर्ष २०१३, दिग्दर्शक कंबोडियाचे रिथी पान. संमतीपत्रके घरोघरी गेल्यापासून माझ्याकडे दोन प्रश्न आले. काही पालकांनी विचारले, की परक्या देशातल्या नरसंहाराची हकिगत पंधरा वर्षांच्या मुलांना कशासाठी दाखवायची? आणि विश्वस्त मंडळातील एका ज्येष्ठ सदस्यांनी विचारले, की ज्यात मातीच्या बाहुल्या आहेत आणि त्याही जागच्या हलत नाहीत, त्याला माहितीपट कसे म्हणायचे? पहिला प्रश्न काळजीपोटी आलेला आहे, दुसरा कुतूहलापोटी. दोन्ही रास्त आहेत. दुसऱ्याचे उत्तर नीट समजले, की पहिल्याचे शोधणे सोपे जाईल असे मला वाटते. म्हणून सुरुवात तिथूनच करू.

ज्याला हिंदीत आपण वृत्तचित्र म्हणतो, त्याला मराठीत माहितीपट किंवा अनुबोधपट असे दोन शब्द आहेत. तिन्ही शब्दांत एक गोष्ट गृहीत धरलेली आहे. घटना घडते, कॅमेरा तिथे पोहोचतो, चित्र घेतो, आणि ते चित्र आपल्याला माहिती देते. लहानपणी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाच्या आधी सरकारी अनुबोधपट दाखवत, धरणाचा किंवा पूरग्रस्तांचा, त्यांची रीत हीच होती. पण घटना घडली आणि तिचे एकही चित्र नाही, असे झाले तर? किंवा त्याहून वाईट, जी चित्रे आहेत ती सगळी अत्याचार करणाऱ्यांनीच काढलेली आहेत, असे झाले तर? रिथी पान यांच्यापुढे हाच पेच होता. त्यातून त्यांनी काढलेली वाट नेहमीची नाही, म्हणून त्यांना प्रयोगशील माहितीपटकार म्हणतात. प्रयोगाची हौस म्हणून त्यांनी प्रयोग केला नाही, हे मात्र आधीच सांगून ठेवतो.

कंबोडिया हा देश आपल्याला वाटतो तितका परका नाही. अंकोरवाटचे मंदिर तुम्ही पुस्तकात पाहिले आहे. त्यातला 'अंकोर' म्हणजे मुळात आपला 'नगर' हाच शब्द. तिथल्या रामायणाला 'रामकेर' म्हणतात, म्हणजे रामकीर्ती. ख्मेर भाषेत फुलाला 'बोफा' म्हणतात आणि तो शब्द 'पुष्प' वरून गेलेला आहे. हा शेवटचा शब्द लक्षात ठेवा, पुढे लागेल.

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूज नावाच्या सशस्त्र कम्युनिस्ट संघटनेने राजधानी नॉम पेन्ह ताब्यात घेतली. पोल पॉट हा त्यांचा पुढारी. शहरात तेव्हा युद्धामुळे खेड्यांतून आलेल्या निर्वासितांसह सुमारे २० लाख माणसे होती. त्या सर्वांना शहर सोडून जायचा हुकूम झाला. रुग्णालयातल्या रुग्णांनाही त्यातून सूट नव्हती. चलन बंद, बाजार बंद, टपाल बंद, प्रार्थनास्थळे बंद, शाळा बंद. शहरी माणसांना 'नवे लोक' असे नाव दिले गेले आणि शेतांवर व कालव्यांच्या खोदकामावर पाठवले गेले. सर्वांना काळे कपडे. शिकलेला माणूस हा संशयित. चष्मा असणे हेसुद्धा धोक्याचे होते. ७ जानेवारी १९७९ रोजी व्हिएतनामच्या सैन्याने नॉम पेन्ह घेतले, तोपर्यंत उपासमार, रोगराई, अतिश्रम आणि हत्या यांत सुमारे १७ लाख माणसे गेली होती. देशाच्या लोकसंख्येचा हा पाचवा ते चौथा हिस्सा होतो. पन्नास मुलांच्या एखाद्या वर्गात दहा-बारा बाके रिकामी झाली, तर कसे दिसेल ते डोळ्यांसमोर आणा.

रिथी पान तेव्हा शाळकरी मुलगा होता. वडील शेतकऱ्याच्या घरात जन्मलेले, शिकून पुढे आलेले, शिक्षण खात्यात मोठ्या पदावर काम केलेले. मुलांना शाळा मिळावी हे त्यांच्या आयुष्याचे काम होते. त्यांना कुटुंबासह खेड्यात पाठवले गेले. काही काळाने त्यांनी अन्न सोडले. जनावरापुढे टाकावे तसे पुढे टाकलेले आपण खाणार नाही, हा त्यांचा निश्चय होता. ते गेले. विधिवत अंत्यसंस्कार करणे शक्य नव्हते. तेव्हा रिथीच्या आईने मुलाला, अंत्यसंस्कार कसे व्हायला हवे होते ते शब्दांनी सांगितले. लोक कोण आले असते, काय काय केले गेले असते, सगळे. पुढे आई गेली, भावंडे गेली, बहिणीची लहान मुले भुकेने गेली. रिथी १९७९ मध्ये थायलंडच्या निर्वासित छावणीत पोहोचला आणि तिथून फ्रान्सला गेला. पॅरिसमध्ये आधी सुतारकाम शिकला, मग योगायोगाने हाती कॅमेरा आला आणि तिथल्या नामांकित चित्रपट संस्थेत त्याने रीतसर शिक्षण घेतले.

आईने केलेल्या त्या शब्दांच्या अंत्यसंस्काराकडे मी पुन्हा पुन्हा वळतो. मला वाटते, पुढे पान यांनी केलेल्या सर्व चित्रपटांचे बीज तिथे आहे. जे घडू शकले नाही, ज्याचा पुरावा नाही, ते खोटे न बोलता कसे सांगायचे? आईने खोटे सांगितले नव्हते. 'असे झाले' असे ती म्हणाली नाही, 'असे व्हायला हवे होते' असे म्हणाली. हा फरक चिमुकला दिसतो, पण चित्रपट पाहताना तो धरून ठेवावा लागतो.

आता मातीच्या बाहुल्यांकडे येऊ. 'द मिसिंग पिक्चर' मध्ये आपल्याला दिसते, की एक हात मातीच्या गोळ्यातून माणूस कोरतो आहे. चाकूने चेहरा, मग बोटे, मग रंग. पांढरा पोशाख, गडद टाय. हे वडील. सारिथ मांग या कलाकाराने अशा असंख्य लहान मूर्ती केल्या. माती कंबोडियाचीच, ज्या जमिनीत ती माणसे पुरली गेली तिथली. १९७५ पूर्वीचे घर रंगीत आहे. तिथे माणसे आहेत, जेवण आहे, संगीत आहे, चित्रीकरण चाललेला स्टुडिओ आहे. त्या काळात कंबोडियात स्वतःचा चित्रपट उद्योग होता. १९६० ते १९७५ या काळात सुमारे ४०० चित्रपट तिथे बनले आणि त्यांतले मोजकेच आज शिल्लक आहेत. नंतरच्या दृश्यांत मूर्तींचे कपडे काळे होतात आणि शरीरे वाळत जातात, फासळ्या दिसू लागतात. मुलाच्या मूर्तीला मात्र अंगात ठिपक्यांचा रंगीत सदरा आहे. सगळ्या काळ्या रांगेत तो एकच ठिपका रंगीत. प्रत्यक्षात असा सदरा ठेवणे शक्यच नव्हते. तो आत्ता आठवणाऱ्या माणसाने त्या मुलाला घातलेला आहे. 'तो मी होतो' हे रांगेतून ओळखू यावे म्हणून. मराठीत 'ओळख' हा शब्द आपण परिचयासाठी वापरतो, ओळखण्यासाठी वापरतो आणि मी कोण यासाठीही वापरतो. या सदऱ्यात हे तिन्ही अर्थ आले.

मूर्ती हलत नाहीत. आजच्या तंत्राने त्या हलवणे अवघड नव्हते. इंचाइंचाने सरकवून छायाचित्रे घेतली की बाहुल्या चालू लागतात, तुम्ही असे चित्रपट पाहिले आहेत. पान यांनी ते केले नाही. कॅमेरा त्यांच्यामधून फिरतो, जवळ जातो, मागे येतो, पण मूर्ती जागच्या जागी. बालकलाकार घेऊन प्रसंग उभे करता आले असते, तेही केले नाही. का नाही, याचे मला समजलेले उत्तर असे. नट रडला की आपण त्या नटाचे रडणे पाहतो आणि थोड्याच वेळात खरे रडणे असेच असेल असे मानू लागतो. मातीची मूर्ती आपल्याला असे फसवू देत नाही. 'मी तो माणूस नव्हे, त्याची जागा धरून बसले आहे,' असे ती सतत सांगत असते. आपल्याकडे मातीच्या मूर्तीत दहा दिवस प्राण मानून मग ती पाण्यात सोडणाऱ्यांना हे फार समजावून सांगायला नको.

चित्रपटातील निवेदन फ्रेंच भाषेत आहे. ते क्रिस्तोफ बाताय या फ्रेंच लेखकाच्या साहाय्याने लिहिलेले आहे आणि आवाज पान यांचा स्वतःचा नाही, दुसऱ्याच एका नटाचा आहे. 'मी', 'माझे वडील', 'माझी आई' असे तो आवाज म्हणतो. इथे मला जरा अडखळायला झाले. माझे स्वतःचे पदवीपर्यंतचे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले, कार्यालयीन पत्र मी आजही हिंदीत झरझर लिहितो, पण आईचे बोलणे आठवते ते मराठीतच. ख्मेरमधली आठवण फ्रेंचमध्ये सांगताना काही गळत नसेल काय? गळत असणारच. परंतु कदाचित काही गोष्टी मातृभाषेत उच्चारणे इतके जड होते, की दूरची भाषा आणि दुसऱ्याचा कंठ यांचा आधार घेतल्याशिवाय त्या बाहेर आल्या नसत्या. दोन-तीन भाषांत वावरणाऱ्या आपल्या मुलांनी यावर विचार करावा. यावर माझे मत पक्के झालेले नाही.

आता त्या दुसऱ्या चित्रांविषयी. ख्मेर रूजने स्वतः चित्रफिती काढल्या होत्या आणि त्या उरल्या आहेत. कृष्णधवल, बऱ्याच ठिकाणी खराब झालेल्या. त्यांत हजारो माणसे कालवे खणत आहेत, खांद्यावरच्या कावडीतून माती वाहत आहेत, लगबगीने चालत आहेत. भाताच्या राशी आहेत. पुढारी हसत आहेत, टाळ्या वाजत आहेत. हेक्टरी ३ टन भात पिकवण्याची त्या राजवटीची घोषणा होती. चित्रात पाहाल तर वाटेल, साधले की! प्रत्यक्षात त्या राशींच्या शेजारी काम करणारी माणसे पातळ पेज पिऊन जगत होती आणि मरत होती. पान हीच चित्रे दाखवतात, आणि त्यांच्या मधोमध किंवा शेजारी आपल्या मातीच्या मूर्ती उभ्या करतात. मग तीच चित्रफीत आपण वेगळ्या डोळ्यांनी पाहू लागतो. पावले इतकी घाईची का आहेत? म्हातारी माणसे कुठे आहेत? कॅमेऱ्याकडे कोणी बघत का नाही? राजवटीचाच एक छायाचित्रकार होता. त्याच्या चित्रांत थकलेली माणसे जशी होती तशी दिसली. त्याला पुढे मारण्यात आले, हेही चित्रपटात येते.

विद्यार्थ्यांसाठी या चित्रपटातला सर्वांत उपयोगाचा धडा मला इथे दिसतो. तुमच्या पिढीला रोज शेकडो चित्रे दिसतात. चित्र खरे की खोटे, एवढे विचारून भागत नाही. ख्मेर रूजच्या चित्रफितीतली माती खरी होती, कावड खरी होती, माणसेही खरी होती. तरी ते चित्र खोटे होते. आणि पान यांच्या चित्रपटातले एकही माणूस खरे नाही, सगळी माती आहे, तरी ते चित्र खरे आहे. ज्येष्ठ विश्वस्तांच्या प्रश्नाचे माझे उत्तर हे, की म्हणूनच मी याला माहितीपट म्हणतो.

पहिल्या प्रश्नाकडे येण्यासाठी पान यांच्या आणखी एका चित्रपटाचा उल्लेख करावा लागेल. तो मुलांना दाखवणार नाही, पालकांनी व शिक्षकांनी मात्र जरूर पाहावा. २००३ सालचा तो माहितीपट एस-२१ या तुरुंगावर आहे. नॉम पेन्हमधला हा तुरुंग म्हणजे मुळात एक शाळा होती. तीन मजली इमारती, लांब व्हरांडे, मधे मैदान. वर्गखोल्यांत विटांच्या भिंती घालून कोठड्या केल्या गेल्या. किमान १२ हजार माणसे तिथे आणली गेली. आल्याबरोबर प्रत्येकाचे छायाचित्र काढले जाई, छळ करून कबुलीजबाब लिहवून घेतला जाई, तो नीट फाइलला लावला जाई, आणि मग माणूस मारला जाई. जिवंत सुटलेल्यांची संख्या बोटांवर मोजण्याइतकी. या तुरुंगाचा प्रमुख दुच या नावाने ओळखला जाणारा माणूस. तो पूर्वी गणिताचा शिक्षक होता. संयुक्त राष्ट्रांच्या साहाय्याने चाललेल्या न्यायालयाने त्याला २०१० मध्ये दोषी ठरवले, २०१२ मध्ये अपिलात जन्मठेप झाली आणि २०२० मध्ये तो मेला.

शिक्षकी पेशातल्या माणसाला हे वाक्य लिहिताना बरे वाटत नाही. नोंदवही, हजेरी, व्यवस्थित अक्षर, वेळेवर काम, ज्या सवयींची आपण वर्गात वाखाणणी करतो, त्या सगळ्या त्या तुरुंगात होत्या. आपण मुलांना नीटनेटकेपणा शिकवतो. तो कशासाठी वापरायचा हे शिकवायचे राहून गेले तर काय होऊ शकते, ते त्या शाळेच्या इमारतीत दिसते. कंबोडियाने ती इमारत पाडली नाही. तिचे संग्रहालय केले, आणि २०२५ मध्ये युनेस्कोने तिला देशातील अशाच आणखी दोन स्थळांसह जागतिक वारसा यादीत घेतले.

त्या चित्रपटात पान यांनी तिथल्या जुन्या पहारेकऱ्यांना त्याच इमारतीत परत आणले. समोर वान नाथ, त्या तुरुंगातून वाचलेले चित्रकार, शांतपणे प्रश्न विचारत. पहारेकरी बोलताना अडत, टाळत. तेव्हा पान यांनी त्यांना सांगितले, की काय करत होतात ते करून दाखवा. आणि शब्दांना जे आठवत नव्हते ते हातापायांना आठवले. एक पहारेकरी रिकाम्या खोलीचे दार उघडतो, नसलेल्या कैद्यांवर ओरडतो, नसलेल्या बेड्या तपासतो, दार लावतो, पुढे जातो. भरती झाला तेव्हा तो जेमतेम किशोरवयीन होता. या दृश्यात कॅमेरा उंबऱ्याबाहेर थांबतो. खोलीत दाटीने माणसे झोपवलेली असत. आत पाऊल टाकले असते तर त्यांच्या अंगावर पडले असते, असे कारण पान यांनी सांगितले आहे. खोली रिकामी होती, तरीही.

आता पालकांच्या प्रश्नाचे उत्तर. मुलांना आपण जो चित्रपट दाखवणार आहोत त्यात रक्त नाही, मारहाणीचे दृश्य नाही. दुःख आहे, आणि ते पुष्कळ आहे. संध्याकाळच्या एखाद्या मालिकेत एका आठवड्यात जितकी हिंसा दिसते तितकी यात दीड तासात दिसत नाही. फरक एवढाच, की मालिकेतली विसरली जाते आणि ही राहते. ज्या पालकांना तरीही संमती द्यावीशी वाटत नाही त्यांच्या मुलांना त्या दिवशी वाचनालयात वेगळे काम दिले जाईल, त्याबद्दल कोणाला काही विचारले जाणार नाही. पण आपण तीन-चार पिढ्यांपासून घरापासून दूर येऊन वसलेली माणसे आहोत. आपल्या घरांत आजोबांचे गाव कोणते होते, कुणी का सोडले, वाटेत काय झाले, याची छायाचित्रे नाहीत. सांगणारी माणसे वर्षागणिक कमी होत आहेत. आपल्यावर तसले संकट कोसळले नाही हे आपले भाग्य. तुलना करण्याचा प्रश्नच नाही. परंतु चित्र नसलेली आठवण कशी सांभाळायची, हे ज्याने शिकून घेतले त्याच्याकडून शिकायला काय हरकत आहे?

या कामाला मान्यताही मिळाली. कान चित्रपट महोत्सवात २०१३ मध्ये 'अं सर्तें रगार' विभागाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि परभाषिक चित्रपटांच्या ऑस्करसाठी अंतिम पाचांत आलेला हा कंबोडियाचा पहिला चित्रपट ठरला. पण पुरस्कारांपेक्षा मला त्यांनी २००६ मध्ये नॉम पेन्हमध्ये उभारलेले बोफाना केंद्र मोठे वाटते. देशाविषयीच्या जगभर विखुरलेल्या चित्रफिती, ध्वनिमुद्रणे, छायाचित्रे तिथे गोळा केली जातात आणि कोणीही, शाळेतला मुलगासुद्धा, जाऊन विनामूल्य पाहू शकतो. तरुणांना चित्रपटाचे तंत्रही तिथे शिकवतात. बोफाना ही एस-२१ मध्ये १९७७ साली मारली गेलेली एक तरुणी. नवऱ्याला लिहिलेली पत्रे हाच तिचा गुन्हा. मारणाऱ्यांनी ती पत्रे फाइलला लावून ठेवली, म्हणून ती आज वाचता येतात. पान यांनी १९९६ मध्ये तिच्यावर चित्रपट केला आणि पुढे केंद्राला तिचेच नाव दिले. तिच्या नावात तेच फूल आहे.

आता कामाचे. चित्रपट पाहण्याआधी प्रत्येक विद्यार्थ्याने घरातील सर्वांत वडील व्यक्तीजवळ बसावे आणि जिचे छायाचित्र घरात नाही अशी एक घटना विचारून घ्यावी. लग्न नको, मुंज नको, त्यांची छायाचित्रे असतात. एखादा प्रवास, एखादे सोडलेले घर, शाळेचा पहिला दिवस, जेवायला पुरेसे नव्हते तो महिना, असे काही. आजी किंवा आजोबा ज्या भाषेत सांगतील त्याच भाषेत पंधरा ओळी लिहाव्यात, सुधारून शुद्ध करू नयेत. सांगताना जिथे ते थांबले तिथे रेघ ओढावी आणि रेघ तशीच ठेवावी. घरी वडीलधारी व्यक्ती नसेल त्यांनी शेजारी विचारावे. चित्रकलेच्या तासाला शाडूची माती मिळेल. त्या घटनेतली एक मूर्ती करायची, एकच, वीतभर उंचीची. कपड्यांचा रंग विचारून घ्यावा. आठवत नसेल तर मूर्ती न रंगवता मातीच्याच रंगात ठेवावी आणि खालच्या पट्टीवर तसे लिहावे. मूर्ती महिन्याच्या अखेरच्या शनिवारपर्यंत वाचनालयात आणून द्याव्यात. तिथल्या काचेच्या कपाटाचे दोन कप्पे त्यासाठी रिकामे करून ठेवले आहेत.